बोकालुंगाची तोंडभर स्तुती

लोक मला विचारतात, "तुम्ही त्या हसवणाऱ्या बेर्गांतिनच्या बहीण ना?" मी म्हणते, "हो बाबा, मीच ती." पुढचं तोंडात आलेलं गिळून टाकते. आमच्या इजिनोला जन्मभर एकच गोष्ट हवी होती आणि ती हसण्यावारी नेण्यासारखी नव्हती. आमच्या बोकालुंगाचा बांध उंच व्हायला हवा होता. एवढंच. बाकी ते पुरस्कार, टाळ्या, वर्तमानपत्रातले फोटो, ते सगळं त्याच्या अंगावर येऊन पडलं.

बोकालुंगा म्हणजे पो नदीच्या अगदी शेवटच्या टोकाचं गाव. एका बाजूला नदी, दुसऱ्या बाजूला समुद्र, मध्ये आम्ही आणि आमचा भात. जमीन समुद्रापेक्षा खाली. मान वर करून बघितलं की बांधावरून होडी जाताना दिसायची, डोक्यावरून. आमचे वडील त्याच बांधावर माती टाकायचे. म्हणून आमच्या घरात पाणी हा विषय जेवणात मिठाइतका नेमाने यायचा.

इजिनो माझ्याहून लहान. वात्रट होता, पण इतरांसारखा तोंड सुटलेला वात्रट नव्हे. याची तऱ्हा निराळी. कुणाला शिवी घालायची झाली की हा त्याची स्तुती करायचा. चेहरा असा गंभीर की बघणाऱ्याला वाटावं, पोरगं पाद्री होणार! जमीनदाराचा कारभारी आमचा भात मापात मारायचा, हे सगळ्या गावाला ठाऊक होतं. एका रविवारी चर्चसमोर इजिनो पायरीवर चढला आणि मोठ्यानं म्हणाला, "कारभारीसाहेबांसारखा दिलदार माणूस या नदीकाठी झाला नाही! त्यांना बघून तराजूसुद्धा आदरानं झुकतो!" बायका पदरासारखे रुमाल तोंडावर धरून खाली बघायला लागल्या. आणि कारभारी? त्यानं पोराच्या गालाला चिमटा काढला आणि घरी एक भलं मोठं सॉसेज पाठवून दिलं.

वडिलांनी आधी मारलं, मग सॉसेज कापलं. इजिनो कोपऱ्यात बसून रडत होता. मी म्हटलं, "अरे, मार लागला का फार?"

"मार नाही गं, झेली. मी त्याला एवढ्या शिव्या दिल्या आणि त्यानं मला सॉसेज दिलं!"

मी हसले तेव्हा. माझंही तोंड सॉसेजनं भरलेलं होतं.

युद्धानंतर तो रोमला गेला. तिथं आधी दुसऱ्यांचे कॅमेरे वाहिले, मग बातमीपटांसाठी चित्रण केलं, मग स्वतःचे छोटे माहितीपट करायला लागला. त्या काळी थिएटरात मुख्य चित्रपटाआधी असले माहितीपट दाखवायचे. लोक तेवढ्यात कोट काढायचे, भुईमुगाच्या शेंगा फोडायचे, शेजारणीला वाकून नमस्कार करायचे. बघायचं कुणीच नाही. पण तिथं पोचण्याआधी सरकारी समिती मात्र डोळ्यांत तेल घालून बघायची. कुणावर टीका दिसली की कात्री.

इकडे आमच्या गावात गॅस निघाला होता. कंपनीनं विहिरी खणल्या. जमिनीतलं पाणी उपसायचं, त्यातला गॅस काढून घ्यायचा आणि पाणी सोडून द्यायचं. रात्रंदिवस पंपांची धडधड. आणि जमीन बसायला लागली. मोठं काही होत नव्हतं हो, धडाम वगैरे नाही. दार चौकटीत अडकायचं. विहिरीचा कठडा कलायचा. माझ्या स्वयंपाकघरात भांड्यांचं कपाट होतं, सासूबाईंनी दिलेलं, अक्रोडाच्या लाकडाचं. त्याच्या पायांना ओल लागायला लागली तेव्हा माझ्या नवऱ्यानं, गेल्मिनोनं, खाली विटा घातल्या. पुढच्या वर्षी आणखी विटा. वरचे पेले काढायला मला स्टुलावर चढावं लागायचं.

नोव्हेंबरात, मृतांच्या दिवशी, इजिनो आईवडिलांच्या थडग्यावर फुलं घालायला यायचा. त्या वर्षी आला, वाम मासा आणि मक्याच्या पिठाचा पोलेंता खायला बसला आणि कपाटाकडे बघतच राहिला.

"झेली, कपाट वाढलं की काय?"

"कपाट नाही वाढलं, शहाण्या. आम्ही खाली चाललोय. बांधही आमच्याबरोबर खाली चाललाय. आणि समुद्र आहे तिथंच आहे. तू एवढा रोमचा मोठा माणूस, दाखव की तुझ्या लोकांना हे! कुणीतरी बांध उंच करा म्हणावं."

त्याचे डोळे चमकले. मला ते चमकणं ओळखीचं होतं, चर्चच्या पायरीवरचं.

वसंतात तो कॅमेरा घेऊन आला. अडकलेली दारं, कललेला घंटाघराचा मनोरा, पाण्यात उभी भाताची रोपं, सगळं टिपलं. मला कपाटापाशी उभं करून बोलायला लावलं. मी आपली आमच्या बोलीत बोलले, "पाणी जमिनीतून वर येतंय. पलंगाखाली बेडूक बसतात. आम्हाला झोप लागत नाही." आवाज तेव्हा चित्राबरोबर घेत नसत, तो मागाहून रोममध्ये भरायचे, हे मला कुठं माहीत!

म्हणाला, "सरळ बोललो तर समिती कापून टाकेल. म्हणून मी स्तुती करणार. चित्रात पाणी दिसेल आणि वर आवाज म्हणेल, वा वा! बघणाऱ्याला कळल्याशिवाय राहणार नाही."

रोममध्ये बातमीपट वाचणारा एक माणूस होता. पोप गेले तरी तोच आवाज, सायकलची शर्यत झाली तरी तोच. देवानं तसा आवाज पुन्हा केला नाही. त्या माणसाकडून इजिनोनं वाचून घेतलं, "बोकालुंगाच्या रहिवाशांना आता समुद्रावर जाण्याचे कष्ट उरलेले नाहीत. समुद्रच सौजन्याने त्यांच्या दारी येतो." आणि माझ्या कपाटावर, "येथील गृहिणी आपल्या संसाराला दरवर्षी नवी उंची देते." माझा आवाज काढून तिथं रोमच्या कुठल्याशा नटीचा आवाज घातला. शब्द माझेच, पण ती बया असं काही मधाळ बोलली, की पलंगाखाली बेडूक असणं म्हणजे सुट्टीची चैन वाटावी.

समितीनं एक शब्द कापला नाही. उलट बक्षीस दिलं. आणि कंपनी? कंपनीला फिल्म इतकी आवडली की तिनं प्रती काढून घेतल्या आणि गावात भाताच्या कोठारात पडदा लावून आम्हालाच दाखवली. कंपनीचे मोठे साहेब आले होते, सरकारी किताबवाले कमेंदातोरे आल्बेर्गोनी, फरच्या कॉलरचा कोट घालून. फिल्म संपल्यावर डोळे पुसत म्हणाले, "या मातीच्या सुपुत्रानं आमचं काम किती प्रेमानं समजून घेतलंय!" आणि सगळ्यांदेखत इजिनोच्या दोन्ही गालांचे मुके घेतले.

गावानं टाळ्या वाजवल्या. का नाही वाजवणार? जन्मात पहिल्यांदा स्वतःची तोंडं पडद्यावर बघितली होती. शेजारची ओनोरिना मला म्हणाली, "अगंबाई, किती छान दिसतो गं आपण! आणि तू रोमच्या बाईसारखं बोलायला कधी शिकलीस?"

मी घरी येईपर्यंत दम धरला. मग तोफ डागली. "काय रे? कुणाला शिव्या दिल्यास तू? मला तर वाटलं तू आम्हालाच विकलंस!"

इजिनो पांढराफटक पडला होता. "झेली, इतकं उघड होतं गं. समुद्र सौजन्यानं येतो, असं कुणी खरं म्हणेल का?"

"पुन्हा सॉसेज मिळालं तुला," मी म्हटलं. त्यावर तो हसला नाही.

त्याला वाटलं, आपण कमी पडलो. अजून भडक करायला हवं. मग त्यानं साखर कारखान्यावर फिल्म केली, त्यात मळीनं मेलेले मासे दाखवून आवाज म्हणतो, "नदीलाही आता गोडाची चव लागली आहे." कारखान्यानं त्याला भिंतीवरचं घड्याळ भेट दिलं, फ्रेम केलेलं आभारपत्र आणि वर साखरेची पोती. एका पुलाच्या उद्घाटनाला मंत्री फीत कापतो, तिथं यानं प्रेतयात्रेचं संगीत घातलं. मंत्र्यानं निरोप पाठवला, ते उदात्त संगीत कुणाचं, कळवा. दर फिल्मला काम वाढत गेलं, नाव वाढत गेलं. रोममध्ये लोक म्हणायचे, उद्योगधंद्यांचं गुणगान करावं तर बेर्गांतिननं! आणि तो दर नोव्हेंबरात माझ्या स्वयंपाकघरात येऊन कपाटाच्या पायांशी उकिडवा बसायचा.

"अजून विटा?"

"मग काय! संसाराला नवी उंची," मी टोमणा मारायचे. नंतर नंतर मारायचं सोडलं. त्याच्याकडे बघवायचं नाही.

शेवटी एकदा त्यानं ठरवलं, कॅमेरा नको, स्तुती नको, सरळ जाऊन सांगायचं. जिल्ह्याच्या कचेरीत बांधांचं खातं होतं. मला बरोबर घेतलं. इंजिनियर सभ्य माणूस होता, खुर्च्या दिल्या, कॉफी मागवली. इजिनो अगदी साध्या शब्दांत बोलला. बांध खचलाय, मोठी भरती आणि नदीचा पूर एकदम आला की गाव जाईल, बांध उंच करा. मी जन्मात त्याला इतकं नीट बोलताना ऐकलं नव्हतं. मला वाटलं, झालं काम!

इंजिनियर गालात हसला. "बेर्गांतिन, तुम्ही असं म्हणता? अहो, तुमची फिल्म आम्ही इथं नव्या लोकांना दाखवतो. काय ते वाक्य... समुद्र सौजन्याने दारी येतो! किती धीर येतो लोकांना! आता तुम्हीच घाबरवायला लागलात तर कसं चालेल?"

इजिनोनं कॉफीचा कप खाली ठेवला. मीच ओरडले, "अहो, ती थट्टा होती!"

"थट्टा?" इंजिनियर मनापासून दुखावला. "बाई, तुमच्या भावाला राष्ट्रीय पुरस्कार आहे."

परत येताना बसमध्ये इजिनो खिडकीबाहेर बघत होता. म्हणाला, "माझ्याच तोंडानं मला गप्प केलं गं त्यानं." मी त्याच्या हातावर हात ठेवला, बसले.

पुढे विहिरी बंद झाल्या एकदाच्या. पंपांची धडधड थांबली तेव्हा म्हाताऱ्यांना झोप येईना, इतकी सवय झालेली. पण खाली गेलेली जमीन वर येते होय? आम्ही होतो तिथंच राहिलो, खाली. आणि बांध तसाच.

तेवढ्यात रोममध्ये भलतंच घडलं. कुणा तरुण समीक्षकानं त्याच्या सगळ्या फिल्मा गोळा करून एका संध्याकाळी एकापाठोपाठ एक दाखवल्या. आणि लोक हसले! पोट धरधरून हसले! एकटी फिल्म कुणाला कळली नाही, पण ओळीनं बघितल्यावर चोरी उघडी पडली. वर्तमानपत्रांनी डोक्यावर घेतलं. हा माणूस इतकी वर्षं सरकारच्या नाकासमोर सरकारची टर उडवत होता, वगैरे. त्यानं गावच्या बारमध्ये फोन केला, मला घरून बोलावून आणलं. आवाज नुसता उड्या मारत होता.

"झेली, त्यांना कळलं! सगळं कळलं!"

"छान झालं रे बाबा. मग बांध उंच करणार का?"

मला वाटलं लाइन गेली. मग म्हणाला, "ते नाही बोलले काही."

सहासष्टच्या नोव्हेंबरात समुद्र आला. सौजन्य वगैरे काही नाही. वारा आग्नेयेकडून सुटला होता, भरती उतरायचं नावच घेईना, आणि इजिनोनं सांगितलं होतं तसाच बांध फुटला. गेल्मिनोनं मला खांद्यावर घेऊन जिन्यावर चढवलं. वरच्या खिडकीतून आम्हाला होडीत घेतलं. माणसं वाचली, तेवढी मादोन्ना मातेची कृपा. बाकी सगळं पाण्यात. आम्हाला वरच्या अंगाच्या एका गावात शाळेत ठेवलं, फळ्यासमोर गाद्या टाकून.

मग सरकारात खल सुरू झाला. बांध पुन्हा घालून, पाणी उपसून बोकालुंगा परत वसवायचं, की जमीन कायमची समुद्राला देऊन टाकायची? समिती नेमली. इजिनो शाळेत आला, माझ्या गादीवर बसला.

"झेली, मी शेवटची फिल्म करतो. स्तुती नाही, तो बातमीवाला नाही, मधाळ नटी नाही. मी माझ्या आवाजात बोलेन, तू तुझ्या. समितीला बोलावून दाखवतो. आता माझं नाव आहे, येतील."

होडी करून आम्ही घरी गेलो. घरी म्हणजे काय, कमरेएवढ्या पाण्यात. कपाट आडवं पडून तरंगत होतं, विटा खाली होत्या तिथंच. मी त्या पाण्यात उभी राहिले. काय बोलायचं ते ठरवलं नव्हतं. बोलता बोलता रडू फुटलं. "हे माझं घर आहे. आम्ही इथं जन्मलो. आम्हाला दुसरं काही नको, बांध घाला आणि पाणी काढा. आम्ही परत येतो, चिखल आम्ही साफ करतो." इजिनो कॅमेऱ्यामागे उभा होता, त्याचे खांदे हलत होते, तरी त्यानं चित्र हलू दिलं नाही.

फेब्रुवारीत रोमला गेलो. शाळेतल्या बायकांनी मला एक बरा कोट मिळवून दिला होता. थिएटर खचाखच. समितीचे लोक पुढच्या रांगेत, मागे सगळे लेखक, नट, वर्तमानपत्रवाले. दिवे गेले. पडद्यावर नुसतं त्याचं नाव आलं, आणि लोक आधीच खुसखुसायला लागले. आज हा कुणाची उडवतो बघू, असं तोंडावर लिहिलेलं.

पडद्यावर पाणी. इजिनोचा आवाज. "हे माझं गाव आहे. ते पाण्याखाली आहे."

हशा पिकला.

मी शेजारी बघितलं. इजिनो खुर्चीच्या कडेला बसला होता, हात गुडघ्यांत दाबून. पडद्यावरचा इजिनो म्हणाला, "मी अनेक वर्षं खोटी स्तुती केली. आज मी सरळ सांगतो आहे." बाप रे, तेव्हा तर लोक मांड्यांवर थापा मारायला लागले. जितकं तो सरळ बोले तितकं त्यांना पटे की काय बेमालूम सोंग आहे!

मग मी आले. पाण्यात उभी, रडत. आणि तोंडातून आमची बोली. रोमच्या लोकांनी ती बोली ऐकलेली कुठं? विनोदी चित्रपटात, मोलकरणीच्या तोंडी. आमच्याकडच्या पोरी रोमला घरकामाला जायच्या ना, तर चित्रपटातली वेंधळी मोलकरीण नेहमी आमच्यासारखं बोलायची. मी म्हटलं, "हे माझं घर आहे," आणि बाल्कनीतून कुणीतरी शिट्टी मारली. माझ्या पुढची बाई हसून हसून नवऱ्याच्या खांद्यावर पडली.

मला राहवलं नाही. मी उठले. "हसू नका!" मी ओरडले, त्याच बोलीत, मला दुसरी येते कुठं? "हसू नका, मेल्यांनो! ते खरं आहे! ते माझं घर आहे!"

इजिनोनं माझ्या कोटाची बाही धरली. मग टाळ्या सुटल्या. माणसं उभी राहून, मागे वळून मला टाळ्या वाजवत होती. कुणीतरी ओरडलं, "वा! खरी बाईच आणून बसवली की!" पुढच्या रांगेतला समितीचा एक पिकलेला माणूस दिवे लागल्यावर इजिनोकडे आला, रुमालानं डोळे टिपत. "बेर्गांतिन, कितीतरी वर्षांत इतका हसलो नव्हतो. आमची कामं काय रुक्ष असतात, तुम्हाला कल्पना नाही!"

"फिल्म खरी आहे, साहेब," इजिनो म्हणाला. "मी विनवणी करतोय."

"थांबा, थांबा, पुरे आता, पोट दुखतंय!" म्हाताऱ्यानं त्याच्या पाठीवर थाप मारली आणि कोट घ्यायला गेला.

बाहेर आम्ही दोघं ट्रामच्या थांब्यावर उभे राहिलो. मला राग काढायचा होता, पण कुणावर काढू? म्हटलं, "तू काय नाही केलंस रे? सगळं केलंस."

तो म्हणाला, "वाकडं बोललो तर खरं वाटलं. सरळ बोललो तर थट्टा वाटली. आता कसं बोलू, तेवढं सांग मला." ट्राम आली, आम्ही चढलो.

वसंतात निकाल लागला. बोकालुंगा समुद्राला दिलं. आम्हाला वरच्या अंगाच्या गावात तिसऱ्या मजल्यावर घर मिळालं, कोरडं ठणठणीत. इजिनोनं पुन्हा फिल्म केली नाही. ती शेवटची मात्र टीव्हीवर लागते अधूनमधून, जेवणानंतर, हसायच्या कार्यक्रमांत. खालच्या मजल्यावरून हसण्याचा आवाज आला की मी ओळखते आणि रेडिओ मोठा करते.

पुढच्या मृतांच्या दिवशी तो आला. थडगी पाण्याखाली, फुलं कुठं घालणार? म्हणून होडी केली. होडीवाला दुसरीकडचा होता, आमच्या ओळखीचा नव्हता. मनोऱ्याचं टोक दिसलं, तिथून इजिनोनं अंदाजानं दिशा दाखवली. पाणी स्वच्छ होतं. मी फुलं सोडली. थोडं पुढं आमचं घर, भिंती लाटांनी पाडलेल्या, धुरांडी तेवढी वर उभी. इजिनोनं टोपी काढली आणि आमच्या बोलीत हळूच म्हणाला, "इथं आमचं घर होतं."

होडीवाला चमकून वळला आणि खो खो हसायला लागला. "अरे, तुम्ही ते! टीव्हीवाले! मगाचपासून म्हणतोय, हा आवाज कुठंतरी ऐकलाय!" वल्हं टाकून त्यानं खिशातून सिगारेटचं पाकीट काढलं, पेन्सिल काढली. "माझ्या बायकोला विश्वास बसणार नाही. इथं सही द्या ना, साहेब."

इजिनोनं पाकीट घेतलं आणि सही केली. होडीवाला इतका खूश झाला की भाडंच घेईना. मी ते त्याच्या हातात कोंबलं. म्हटलं, "घे बाबा, आमच्या घरावरून आणलंस आम्हाला." तो पुन्हा हसला.